खालचा तीनचा आकडा

३ फेब्रुवारी

दादा,

आणि अजून एक. तू फोनवर मला अडाणी म्हणालास ते मी सोडून दिलं. अडाणी तर अडाणी. पण "लिहिलेलं वाचता तरी येतं का तुला" असं जे म्हणालास ना, ते अजून टोचतंय. येतं वाचता. आठवीपर्यंत शाळेत होतो आणि बाकावर बसलो होतो, बाकाखाली नाही. पुढे मन लागलं नाही ही गोष्ट खरी, पण शिकलेली अक्षरं काही मी तिथेच ठेवून आलो नाही.

त्यावर तू फोन ठेवलास आणि आता उचलत नाहीस. म्हणून हा कागद. कागद फाडायला तरी हातात घ्यावा लागतो.

तू म्हणालास, "मी काहीच म्हणत नाही. तिथे लिहिलंय. वाक्याच्या शेवटी तीनचा आकडा आहे. त्याच्यावर बोट ठेव आणि बघ." तर बघितलं मी. इथे शीतगृहात दिवसभर गोठलेल्या मासळीचे खोके रचायचे असतात. जेवायला बाहेर आलो की हाताची लाकडं झालेली असतात, फोनच्या काचेला ती बोटं वाटतच नाहीत. आधी चहाचा ग्लास दोन्ही हातांत धरून बसलो, ऊब आल्यावर मग तुझ्या त्या तीनवर बोट ठेवलं.

आपल्या बापाचं नेटवरच्या ज्ञानकोशात पान आहे याचं मला आधी केवढं कौतुक होतं. इथल्या पोरांना दाखवायचो, हा बघा गोलकीपर, आमचे बाबा. खालपर्यंत मी कधी वाचलंच नव्हतं. तुझ्या ऑफिसातल्या लोकांनी वाचलं. डबा खाताना त्यांनी तुझ्यासमोर फोन धरला, "हे तुझे वडील ना?" म्हणून, आणि त्या दिवसापासून तू बाबांच्या घराची पायरी चढला नाहीस. चार वर्षं झाली. स्वतःच्या लेकीला, खारूलाही चढू दिली नाहीस. ती तेव्हा दुडूदुडू चालायची.

वाक्य असं आहे: 'अंतिम सामना हरण्यासाठी त्यांनी लाच म्हणून सायकल घेतल्याचे सिद्ध झाले.' तीनवर बोट ठेवलं की एका स्मरणिकेचं नाव येतं, फुटबॉल लीगला पंचवीस वर्षं झाली तेव्हा काढलेली. संपलं. सिद्ध कुणी केलं, कुणासमोर केलं, बाबांना कुणी विचारलं, काही नाही. तू हिशेबातला माणूस. तुझ्या ऑफिसात एवढ्यावर कुणाचा प्रवासखर्च तरी पास होईल का?

बाबांच्या शेजारच्या शिवणवाल्या मावशीचा फोन आला होता. तीच बाबांच्या डोळ्यांत थेंब घालते. डॉक्टर म्हणाले, गेलेली नजर परत येत नाही, उरलेली टिकेल तितकी टिकवायची. बाबा तिला म्हणाले, खारू केवढी झालीय ते एकदा बघून घेतलं असतं.

मी ते वाक्य काढणार आहे. मग तुझ्याकडे कारण उरणार नाही.

तुझा,
भिरभिरं (तूच ठेवलेलं नाव, तूच निस्तर)


२४ फेब्रुवारी

दादा,

वहिनीचा निरोप मिळाला. "खरं असतं ते पुसता येत नाही, उगाच वेळ घालवू नकोस" असं तू म्हणालास म्हणे. तुझ्या तोंडून नाही तर वहिनीच्या तोंडून, पण उत्तर आलं. आपला छत्तीसचा आकडा असताना एवढंही खूप झालं.

पुसता येतं की नाही ते मी करून बघितलं. तिथे कुणालाही पुसता येतं. मी वाक्य पुसलं, चहा संपायच्या आत ते परत जागेवर. पुन्हा पुसलं, पुन्हा परत, आणि सोबत ताकीद. परत लावणाऱ्याचं नाव 'जुनी दौत'. खरं नाव तिथे कुणीच लावत नाही. बाई आहे की बुवा, अजून कळलेलं नाही. तिथे प्रत्येक पानामागे भांडायला एक वेगळं पान असतं, चर्चेचं. त्यावर मी दौतीला चांगलं झापलं. लिहिलं, हे माझे वडील आहेत, त्यांच्याबद्दल जास्त माहिती तुम्हाला की मला? उत्तर आलं, "वडील आहेत म्हणूनच तुम्ही थेट हात लावू नका. काय चुकलंय ते इथे लिहा, संदर्भ द्या, आपण बघू."

संदर्भ पाहिजे म्हणे. दिला. जाऊन त्या वाक्याला 'हे खोटे आहे' असं जोडलं आणि खाली आकडा टाकून लिहिलं: 'आई, स्वयंपाकघरात, अनेक वेळा.'

हसू नकोस. मी गंभीरपणे लिहिलं होतं.

दौतीने तेही काढलं, पण चिडून नाही. लिहिलं, "आईंचं म्हणणं खरं असेल. पण वाचणाऱ्याला त्यांच्या स्वयंपाकघरात जाऊन तपासता आलं पाहिजे." आई गेल्यापासून त्या स्वयंपाकघरात मलाही जाता येत नाही दादा. मग माझं भांडणच मिटलं. मी विचारलं, असं करा, काय करायचं ते तुम्हीच सांगा.

तेव्हापासून आमचं बरं चाललंय. दौतीने ती स्मरणिका कुठून तरी मिळवली आणि त्या पानाचा फोटो मला पाठवला. त्यात काय आहे ऐक: 'लाच म्हणून नवी सायकल स्वीकारल्याचे त्या वेळी वृत्तपत्राने उघडकीस आणले होते.' बघ, 'सिद्ध झाले' असं इथे नाहीच. ज्याने ज्ञानकोशात लिहिलं त्याने ते पदरचं घातलंय. आणि स्मरणिकावाल्यानेही स्वतः काही बघितलेलं नाही, पेपरचं नाव आणि तारीख दिलीय. म्हणजे तुझ्या तीनच्या खाली अजून एक तीन आहे. दौत म्हणते, मूळ पेपर बघितल्याशिवाय खरंही म्हणता येत नाही आणि खोटंही.

नवी सायकल. तू पण भांडणात तेच म्हणालास: "मी स्वतः चालवलीय. नवी कोरी होती. मला दुसऱ्याने सांगायला नको." तू चालवलीस, कबूल. पण तुझ्यानंतर ती माझ्याकडे आली. मी पडलो नाही असा तिच्यावरचा एक दिवस दाखव. नाल्याच्या कठड्याला घासली तेव्हा लाल रंगाचा पापुद्रा निघाला आणि आतून हिरवा रंग दिसला. दांडीभर हिरवा. नव्या सायकलीला कुणी दोन रंग देतं का? बाबा तर फाटकं आणि कठडेच रंगवायचे. हे मी दौतीला लिहिलं. उत्तर आलं, "पटतं. पण हिरवा रंग कुठे छापून आलाय का?"

नाही आला. माझ्या गुडघ्यावर आलाय फक्त.

अजून एक आठवलं. आई सांगायची की आपल्याकडे आधी रोज पेपर यायचा, बाबांनी एके दिवशी पेपरवाल्याला बंद करून टाकलं आणि पुन्हा कधी घरात पेपर आला नाही. मला वाटायचं, पैसे वाचवायला. तुला काही माहीत आहे का? तेव्हा तू होतास, मी नव्हतो.

तुझा,
भि.


१७ मार्च

दादा,

या शहरात मोठं ग्रंथालय आहे. कुठकुठले जुने पेपर बांधून ठेवलेत. मला आधी आतच घेईनात, कार्ड नाही म्हणून. कार्डाला मालकाचं पत्र लागतं. आमच्या मुकादमाला सांगितलं तर म्हणाला, "तू आणि ग्रंथालय? कुठली मुलगी आहे तिथे?" सही केली पण, आणि वर शिक्काही मारला, शीतगृहाचा, मासा असलेला.

पेपर सांभाळणाऱ्या बाईंनी माझे हात हुंगले. खरंच हुंगले. मग साबण दिला आणि दोनदा धुवायला लावले. गठ्ठे एवढे मोठे की उभं राहून वाचावे लागतात, पानं उलटायची ती दोन्ही हातांनी, खाली तळवा धरून. मला घाई, आणि त्या बाई सारख्या मागून, "सावकाश." सुट्टीच्या दिवशी जाऊन बसतो. मी एका जागी बसलोय हे तुला खरं वाटणार नाही, पण बाबांच्या मॅचच्या बातम्या वाचताना वेळ कुठे जातो कळत नाही. सामन्यांच्या तारखा, गोल, कुणी काय अडवलं, सगळं उतरवून दौतीला पाठवतोय आणि दौत ते एकेक करून पानावर चढवतेय, प्रत्येकाला आकडा देऊन. पान भरत चाललंय.

आज तो दिवस सापडला, स्मरणिकेत दिलेला. बातमी सापडली.

आज लिहीत नाही. आधी बाबांशी बोलतो.


२६ मार्च

दादा,

हे बसून वाच. वहिनीसमोर नको, खारूसमोर तर नकोच.

बातमी छोटी आहे, आतल्या पानावर, कोपऱ्यात. मी तशीच्या तशी उतरवली:

'पराभवानंतर गोलरक्षकाच्या घरी गेलो असता ते भेटले नाहीत. दारात त्यांचा अकरा वर्षांचा मुलगा लाल सायकल पुसत होता. सायकल कोणी दिली असे विचारता, "बाबांनी मॅचच्या रात्री आणली, नवी कोरी आहे," असे त्याने मोठ्या अभिमानाने सांगितले. काय समजायचे ते वाचकांनी समजावे.'

बस एवढंच. लाच हा शब्द त्यात कुठेच नाही. वाचकांनी समजावे म्हणाले आणि सगळे समजले. पेपरवाल्याने तुझं ऐकलं, स्मरणिकावाल्याने पेपरचं, ज्ञानकोशवाल्याने स्मरणिकेचं. आणि मग तू ज्ञानकोशाचं.

ग्रंथालयातून परत येताना बसमध्ये मी तुला काय काय सुनवायचं ते जुळवत होतो. चार वर्षांचं सगळं. माझा थांबा येऊन गेला तरी कळलं नाही, पुढे जाऊन चालत मागे आलो. त्या दिवशीच लिहिलं असतं तर हे पत्र वेगळं झालं असतं.

दुसऱ्या दिवशी मावशीच्या फोनवर बाबांना धरलं. म्हटलं, बाबा, ती बातमी सापडली. आधी विचारलं, "कुठली?" मग स्वतःच म्हणाले, "हां, ती." मी वाचून दाखवायला लागलो तर म्हणाले, "नको. पाठ आहे मला."

त्यांनी ज्या दिवशी छापून आली त्याच दिवशी वाचली होती दादा. तू शाळेतून यायच्या आत पेपरवाल्याला बंद केलं ते त्याच दिवशी. आईलाही बजावून ठेवलं होतं. ती सायकल बाबांच्या क्लबच्या राखणदाराची होती, जुनी, हिरवी. मॅचच्या आधीच्या आठवड्यात घेऊन क्लबच्या शेडमध्ये ठेवली होती, रोज काम सुटल्यावर जाऊन रंगवायचे. जिंकल्यावर तुला द्यायची असं मनात होतं. हरले तरी आणली. म्हणाले, रंग वाळला होता, मग ठेवून काय करू.

मी म्हटलं, मग हे क्लबला का नाही सांगितलंत? म्हणाले, सांगितलं, राखणदारानेही सांगितलं, पण त्याला म्हणाले तू त्यांचाच माणूस. त्याच्याकडे कुठे पावती होती?

मग मी विचारलं, दादाला का नाही सांगितलंत? तेव्हा नाही तर नाही, पण या चार वर्षांत? तो दारात येत नाही, नातीला पाठवत नाही, आणि तुम्ही गप्प.

बाबा म्हणाले, "अकरा वर्षांचं पोर ते. बापाचं कौतुक सांगत होतं. त्याला कळलं असतं तर परत त्या सायकलवर बसला असता का?"

मावशीचं शिलाई मशीन मागे चालू होतं, ते थांबलं.

एक गोष्ट मी त्यांना कधी विचारली नव्हती, ती विचारली. अंतिम सामन्यातला तो गोल. बाबा म्हणाले, "सुटला." एवढंच. पाऊस होता, चेंडू ओला होता, असलं काही नाही. नुसतं सुटला. याला संदर्भ नाही. मी मानतो, तुझं तू बघ.

आता अडचण ऐक. दौत म्हणते, बातमीचा फोटो चर्चेच्या पानावर टाका, म्हणजे सगळ्यांना बघता येईल आणि वाक्य काढता येईल. फोटो टाकला की बाबा सुटतात. पण मग त्यात दारात तू उभा आहेस, सायकल पुसत. तुझ्या ऑफिसातले लोक डबा खाताना तेही वाचतील. बाबांना हे सांगितलं तर पहिल्यांदाच आवाज चढवला माझ्यावर. "पोराचं त्यात येता कामा नये. नाहीतर राहू दे ते वाक्य. मला कुठे आता वाचता येतंय."

मी फोटो टाकलेला नाही. तो माझ्या फोनमध्ये आहे, कुणाला दाखवलेला नाही. मुकादमाने विचारलं, सापडली का मुलगी, तर नाही म्हटलं.

तू काय म्हणतोस ते कळव. वहिनीच्या तोंडून चालेल.

भि.


१४ एप्रिल

दादा,

तुझं उत्तर येईना, म्हणून मी माझ्या अकलेने केलं. दौतीला लिहिलं, पेपरचं नाव हे, तारीख ही, पान हे, रकाना शेवटचा. फोटो माझ्याकडे आहे पण देणार नाही, का ते विचारू नका. तुमच्या तिकडच्या ग्रंथालयात असेल तर स्वतः जाऊन बघा, आणि माझं खोटं निघालं तर मला पुन्हा येऊ देऊ नका.

बरेच दिवस काही नाही. मला वाटलं, झालं, हीही गेली. मग उत्तर आलं. "पाहिलं. बातमीत लाचेचा उल्लेख नाही, चौकशी नाही, निकाल नाही. एवढ्या ऐकीव गोष्टीवर जिवंत माणसाबद्दल असं वाक्य ठेवता येणार नाही. काढत आहे." आणि खाली, वेगळ्या ओळीत, "फोटो दिला नाहीत ते बरं केलंत."

काढलं दादा. कुणी परत लावलं नाही. मी तीन दिवस सारखा बघत होतो, चहा गार होईपर्यंत. बाबा निर्दोष आहेत असंही तिथे लिहिलेलं नाही. मी म्हणून बघितलं, तर दौत म्हणाली, त्यालाही संदर्भ लागेल. बरोबर आहे. शेवटचा सामना एक-शून्य हरले, एवढंच राहिलंय. ते तर झालंच होतं.

वहिनीचा फोन काल आला. मी विचारलं नव्हतं, तिनेच सांगितलं. माझं पत्र तू दारातच उभं राहून वाचलंस, मग तिथेच चपलांच्या कपाटावर बसलास आणि तिने हाक मारली तरी उठला नाहीस. जेवताना तिला एवढंच विचारलंस, "त्याने खरंच हिरवा रंग बघितला असेल का?"

बघितला. या डोळ्यांनी. त्याची शपथ घ्यायला मी तुझ्या ऑफिसात येतो, मासळीचा वास आला तर खिडकी उघड.

बाबांना तू काही बोलावंस असं मी म्हणत नाही. ते तुझ्याकडून काही ऐकायला बसलेले नाहीत, त्यांना ओळखतोस ना. काल मी त्यांना सांगितलं, वाक्य गेलं. "बरं," म्हणाले आणि लगेच दुसरंच विचारलं, खारूचे पाय आता जमिनीला टेकत असतील ना, लहान सायकलीवरून. मी म्हटलं, टेकत असतील. म्हणाले, "नवी नको. जुनी बघायला सांग कुठली तरी, दांडी सरळ असली म्हणजे झालं. रंग मी देतो. लाल अजून दिसतो मला."

थेंब चालू आहेत, पण मावशी म्हणते, आता ताटातला घास चाचपून घेतात. तेव्हा लवकर बघ. सायकल तुला त्यांच्या घरी न्यावी लागेल, आणि खारूलाही, सीट किती खाली घ्यायची ते माप घ्यायला. मागच्या वाढदिवसाला मी तिच्यासाठी पाठवलेले पैसे तू परत पाठवलेस. आता पाठवतोय ते परत करू नकोस, हे माझे नाहीत असं समज, बाबांच्या कामाचं सामान आहे.

वेळ मिळाला की ते पान उघड. वाक्याच्या शेवटी तीनचा आकडा अजून आहे, पण तो आता दुसऱ्या वाक्याला लागलाय, अंतिम सामन्याच्या आदल्या आठवड्यातल्या. 'उपांत्य सामन्यात शेवटच्या मिनिटाला त्यांनी पेनल्टी अडवली.' ती बातमी मी शोधलीय, हात दोनदा धुऊन. आकड्यावर बोट ठेव आणि बघ.

जुनी सायकल, लाल रंगाचा डबा आणि एक चांगला ब्रश धरून साडेचार हजार पाठवतोय.